सेवाग्रामचे चित्रगुरू

आमच्या लहानपणी चित्रकलेचा तास गणिताने बळकावायचा. उरलाच तर मास्तर फळ्यावर जास्वंदीचे फूल काढत आणि आम्ही चाळीस मुले तेच वहीत उतरवत असू. ज्याचे फूल मास्तरांच्या फुलासारखे, त्याला शाबासकी. माझे कधी तसे आले नाही आणि आपल्याला चित्रकला येत नाही, ही गाठ मनात पक्की बसली. म्हणूनच वर्ध्याजवळच्या सेवाग्रामात मुलांना चित्रकला शिकवणाऱ्या देवीप्रसादांविषयी वाचले, तेव्हा हळहळ वाटली. असा शिक्षक आम्हाला का नाही लाभला?

देवीप्रसादांचा जन्म १९२१ सालचा, डेहराडूनचा. १९३८ मध्ये ते शांतिनिकेतनच्या कलाभवनात दाखल झाले. नंदलाल बोसांसारखे गुरू लाभले, रवींद्रनाथांची अखेरची वर्षे पाहायला मिळाली. असा तरुण मुंबई-कलकत्त्याला नाव काढायला गेला असता तर नवल नव्हते. पण १९४४ मध्ये तो आला सेवाग्रामला.

तिथे गांधीजींची नई तालीम रुजत होती. ऑक्टोबर १९३७ मधल्या वर्ध्याच्या शिक्षण परिषदेतून ती योजना निघाली आणि आर्यनायकम व आशादेवी हे दांपत्य हिंदुस्थानी तालीमी संघातर्फे ती चालवीत होते. सूतकताई, शेती, सफाई हे सारे शिक्षणच. पण जिथे मुलांच्या श्रमातून शाळेचा खर्च निघावा अशी अपेक्षा, तिथे रंग आणि कुंचला ही चैन नव्हे काय? या प्रश्नाला कामातून उत्तर देण्यात देवीप्रसादांची पुढची अठरा वर्षे गेली.

मूल चित्र काढते ते चित्रकार होण्यासाठी नव्हे, असे ते मानत. बोलणे, खेळणे, तसेच हेही. मोठ्यांनी नमुना पुढे ठेवला की मूल स्वतःच्या डोळ्यांनी बघायचे थांबते. म्हणून शिक्षकाने साहित्य द्यावे, मोकळीक द्यावी आणि लक्ष ठेवावे. घडवण्याचा आनंद ज्याला मिळाला, त्याचा ओढा हिंसेकडे जात नाही, ही त्यांची श्रद्धा. ते स्वतः चित्रे काढत, छायाचित्रे टिपत आणि कुंभाराच्या चाकावर भांडीही घडवत. यांत त्यांनी उच्चनीच मानले नाही. ‘नई तालीम’ मासिकाचे संपादनही त्यांनी केले.

त्याच श्रद्धेने १९६२ मध्ये त्यांना लंडनला नेले. वॉर रेझिस्टर्स इंटरनॅशनल या युद्धविरोधी संघटनेचे ते दहा वर्षे सरचिटणीस आणि नंतर १९७५ पर्यंत अध्यक्ष होते. १९८३ मध्ये ते मायदेशी परतले. सेवाग्रामच्या अनुभवाचे सार त्यांच्या ‘आर्ट : द बेसिस ऑफ एज्युकेशन’ या पुस्तकात आहे.

या साऱ्याची किंमत त्यांच्यातल्या चित्रकाराने मोजली. त्यांच्या आयुष्यभराच्या कामाचे मोठे प्रदर्शन दिल्लीत भरले ते २०१० साली, नव्वदीच्या उंबरठ्यावर. १ जून २०११ रोजी ते गेले.

परवा माझ्या नातीने निळी गाय काढली. गाय कधी निळी असते का, हे शब्द अगदी ओठांवर आले होते. मी ते गिळले आणि तिच्यापुढे दुसरा कोरा कागद ठेवला.