नाशिकचे दादासाहेब : मूकपटाचा निर्माता, बोलपटाचा उपेक्षित

भारतीय चित्रपटसृष्टीची गंगोत्री म्हणून मुंबईचे नाव घेतले जाते. परंतु या सृष्टीचे जनक धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके यांची खरी कर्मभूमी नाशिकच होय. ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेबांनी मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये व बडोद्याच्या कलाभवनात शिक्षण घेतले. येशूच्या जीवनावरील चित्रपट पाहून त्यांना ध्यास लागला. १९१२ मध्ये लंडनला जाऊन त्यांनी तंत्र आत्मसात केले आणि ३ मे १९१३ रोजी 'राजा हरिश्चंद्र' मुंबईत प्रदर्शित झाला. या साहसात पत्नी सरस्वतीबाईंचे दागिने आणि अहोरात्र श्रम दोन्ही खर्ची पडले.

त्याच वर्षी त्यांनी आपला संसार व स्टुडिओ नाशिकला हलविला. 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई यांना त्यांनी पडद्यावर आणले. 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामतीची भूमिका पुरुषाला द्यावी लागली होती, हे लक्षात घेता हे पाऊल धाडसाचेच होते. त्यापाठोपाठ मृत्यूलाही परतविणाऱ्या प्रीतीची कथा 'सत्यवान सावित्री'च्या रूपाने साकारली. १९१७ च्या 'लंकादहन'ने अफाट लोकप्रियता मिळविली. १९१८ मध्ये भागीदारांसह हिंदुस्थान फिल्म कंपनी स्थापन झाली आणि 'कालिया मर्दन'मध्ये कन्या मंदाकिनीने बाळकृष्ण रंगविला.

मात्र कलावंत आणि भांडवलदार यांचे सूर जुळले नाहीत. दादासाहेब कंपनी सोडून काशीला गेले. तेथे त्यांनी 'रंगभूमी' हे नाटक लिहिले. १९२२ मध्ये ते परतले, पण काळ पुढे सरकत होता. १९३१ मध्ये 'आलम आरा' बोलू लागला. मूकपट म्हणून निर्मिलेल्या 'सेतुबंधन'ला मागाहून आवाज द्यावा लागला. १९३७ मध्ये कोल्हापूर सिनेटोनसाठी त्यांनी 'गंगावतरण' हा आपला एकमेव बोलपट केला. तेव्हा ते ६७ वर्षांचे होते.

त्यानंतर त्यांच्या हाती पुन्हा कॅमेरा आला नाही. ज्या धंद्याचा पाया त्यांनी घातला, तो लक्षावधी रुपये कमावीत असताना १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकमध्ये त्यांचे निधन झाले. १९६९ पासून त्यांच्या नावे चित्रपटक्षेत्रातील सर्वोच्च शासकीय पुरस्कार दिला जातो आणि पांडवलेण्यांच्या पायथ्याशी त्यांचे स्मारकही उभे आहे. हयातीत मात्र या सन्मानाचा अंशही त्यांच्या वाट्याला आला नाही.