मूळ ग्रंथाकडे जाणारे अनुवादक : विल्यम टिंडेल



परीक्षा जवळ आल्या की वर्गावर्गात कुंजी दिसू लागतात. धडा न वाचता कुंजीतले उत्तर पाठ करायचे आणि पेपरात उतरवून यायचे, ही सवय आम्हाला चांगली माहीत आहे, कारण एके काळी ती आमचीही होती. आमच्या घरची भाषा मराठी, पण शाळा-कॉलेज सगळे हिंदी माध्यमाचे. बी.ए.ला एक इंग्रजी नाटक होते. ते आम्ही हिंदी कुंजीतून वाचले आणि पासही झालो. पुष्कळ वर्षांनी तेच नाटक शब्दकोश हाताशी घेऊन मूळ इंग्रजीत वाचले, तेव्हा कळले की कुंजीने गोष्ट सांगितली होती खरी, पण बरेच काही मध्येच गळून गेले होते. नुकसान कुंजीचे झाले नाही, आमचे झाले.

म्हणूनच या अंकात आम्ही अशा एका माणसाची ओळख करून देत आहोत, ज्यांनी मधले सगळे बाजूला सारून मूळ भाषेपर्यंत जाण्याचा ध्यास घेतला आणि त्यासाठी प्राणही दिले. त्यांचे नाव विल्यम टिंडेल. बायबल मूळ ग्रीक आणि हिब्रू भाषांतून इंग्रजीत आणून ते छापणारे हे पहिले अनुवादक होत.

आपल्यापैकी अनेकांना बायबलची रचना माहीत नसेल, म्हणून थोडे सांगतो. त्याचे दोन भाग आहेत. जुना करार मुख्यतः हिब्रू भाषेत आहे, नवा करार ग्रीक भाषेत. परंतु पश्चिम युरोपात हजारएक वर्षे वाचले जात होते ते लॅटिन भाषांतर. इंग्लंडमध्ये चौदाव्या शतकात जॉन विक्लिफ यांच्या प्रेरणेने इंग्रजी बायबल तयार झाले, पण तेही लॅटिनवरून, म्हणजे भाषांतराचे भाषांतर. तेवढेही धर्मसत्तेला रुचले नाही. १४०९ साली जाहीर झालेल्या नियमांनी बिशपच्या संमतीवाचून बायबलचा कोणताही भाग इंग्रजीत आणण्यास मनाई केली. पुढे छपाई आली. जर्मन बायबल १४६६ साली आणि इटालियन १४७१ साली छापून निघाले. इंग्रजी माणसाला मात्र आपल्या भाषेत छापलेले बायबल मिळत नव्हते.

टिंडेल यांचा जन्म १४९४ च्या सुमारास पश्चिम इंग्लंडमधील ग्लॉस्टरशायर परगण्यात झाला. ऑक्सफर्डमध्ये शिकून १५१५ साली ते एम.ए. झाले. भाषा शिकण्याची त्यांची हातोटी विलक्षण होती. त्यांच्या उमेदीच्या काळातच, १५१६ साली, हॉलंडचे विद्वान इरॅस्मस यांनी ग्रीक नवा करार छापून प्रसिद्ध केला. आजवर लॅटिनच्या पडद्याआड असलेला मूळ ग्रंथ आता अभ्यासकाच्या टेबलावर आला. टिंडेल यांच्या आयुष्याची दिशा या एका पुस्तकाने ठरवली, असे म्हणायला हरकत नाही.

शिक्षण संपल्यावर ते लिटल सॉडबरी या गावी सर जॉन वॉल्श यांच्या घरी मुलांचे शिक्षक म्हणून राहिले. तेथे जेवणाच्या पंक्तीला धर्मोपदेशक येत, वादविवाद होत. एकदा एका पंडिताशी बोलताना टिंडेल बोलून गेले की, परमेश्वराने आयुष्य दिले तर नांगर धरणाऱ्या पोरालासुद्धा तुमच्याहून अधिक शास्त्र कळेल असे मी करीन. ही आठवण जॉन फॉक्स या चरित्रकाराने नोंदवून ठेवली आहे.

बंडखोरी करायची त्यांची इच्छा नव्हती. १५२३ साली ते रीतसर परवानगी मागण्यासाठी लंडनला बिशप कथबर्ट टन्स्टॉल यांच्याकडे गेले. आपली योग्यता दिसावी म्हणून आयसोक्रेटीस या ग्रीक वक्त्याच्या एका भाषणाचा स्वतः केलेला अनुवादही त्यांनी बरोबर नेला. बिशप स्वतः विद्वान होते, पण आपल्या घरी जागा नाही असे सांगून त्यांनी टिंडेल यांना वाटेला लावले. हम्फ्री मन्मथ नावाच्या कापडाच्या व्यापाऱ्याने त्यांना आसरा दिला. काही महिन्यांतच टिंडेल यांच्या ध्यानात आले की, हे काम करायला साऱ्या इंग्लंडमध्ये जागा नाही. १५२४ साली त्यांनी देश सोडला. पुन्हा ते मायदेशी परतले नाहीत.

१५२५ साली जर्मनीतील कोलोन शहरात नव्या कराराची छपाई सुरू झाली. विरोधकांना सुगावा लागला आणि काम थांबवण्याचा हुकूम निघाला. टिंडेल छापलेले कागद घेऊन ऱ्हाईन नदीने वर्म्स शहरी निघून गेले. तेथे १५२६ साली संपूर्ण नवा करार छापून झाला. हातात मावेल असे छोटे पुस्तक, कापडाच्या गाठोड्यांत लपवून ते इंग्लंडच्या बंदरांत पोचवले गेले. बिशप टन्स्टॉल यांनी लंडनमध्ये त्याच्या प्रती जाळवल्या. त्यांनी जाळण्यासाठी प्रती विकतही घेतल्या आणि तोच पैसा टिंडेल यांच्याकडे पोचून पुढच्या सुधारित छपाईला कामी आला, असे त्या काळचा बखरकार एडवर्ड हॉल सांगतो. त्या पहिल्या आवृत्तीच्या आज जगात अवघ्या तीनच प्रती ज्ञात आहेत.

मित्रांनो, तुम्ही विचाराल की एका भाषांतराला इतके भ्यायचे काय कारण? कारण होते ते शब्दांत. लॅटिनमधून ज्या शब्दांचा अर्थ प्रायश्चित्त करा असा लावला जात होता, त्यांच्या जागी मूळ ग्रीकमध्ये मन पालटा अशा अर्थाचे क्रियापद आहे. प्रायश्चित्त म्हटले की ते सांगणारा धर्मगुरू आला. मन पालटणे हे ज्याचे त्याने करायचे. तसाच एक्लेसिया हा ग्रीक शब्द. त्याचा मूळ अर्थ एकत्र जमलेले लोक. टिंडेल यांनी तेथे चर्च न म्हणता काँग्रिगेशन, म्हणजे जमलेली मंडळी, हा शब्द घातला. प्रेस्बुतेरोस या शब्दासाठी त्यांनी धर्मगुरू न लिहिता वडीलधारा या अर्थाचा शब्द योजला. अगापे या शब्दासाठी चॅरिटी न घेता साधे लव्ह, प्रेम. चार शब्द बदलले आणि अधिकाराचा सगळा हिशेबच बदलू लागला.

थोर विद्वान थॉमस मोर यांनी १५२९ पासून या शब्दयोजनेवर मोठमोठे ग्रंथ लिहून हल्ला चढवला. त्यांची भीती सर्वस्वी खोटी नव्हती. १५२५ साली जर्मनीत शेतकऱ्यांचे बंड होऊन फार रक्त सांडले होते. रूढ शब्द मोडले की समाजाची घडीही मोडेल, असे त्यांना मनापासून वाटत होते. टिंडेल यांनी १५३१ साली उत्तर दिले. त्या वादात दोन्ही बाजूंची भाषा कडवट आहे, हे लपवण्यात अर्थ नाही. पण एक गोष्ट आम्हाला शिक्षक म्हणून फार मोलाची वाटते. वडीलधाऱ्यासाठी टिंडेल यांनी पहिल्या आवृत्तीत सीनियर हा शब्द घातला होता. ते चांगले इंग्रजी नव्हे, असे मोर यांनी दाखवून दिले. टिंडेल यांनी ते मान्य केले आणि त्या जागी एल्डर हा शब्द आणला. विरोधकाने काढलेली चूक चूक म्हणून स्वीकारायला मोठे मन लागते. १५३४ साली त्यांनी नव्या कराराची सुधारित आवृत्ती काढली, तीत हजारो ठिकाणी दुरुस्त्या केल्या.

ग्रीक झाले, पण जुना करार हिब्रूत होता आणि हिब्रू शिकवणार कोण? १२९० साली ज्यू लोकांना इंग्लंडमधून घालवून देण्यात आले होते, त्यामुळे तेथे हिब्रू जाणणारे मोजकेच. टिंडेल यांनी ही भाषा परदेशात, लपतछपत राहत असताना शिकून घेतली. १५३० साली जुन्या करारातील पहिली पाच पुस्तके ॲन्टवर्पमध्ये छापून निघाली. हिब्रूमधून सरळ इंग्रजीत छापले गेलेले हे पहिले काम. हिब्रू वाक्य लॅटिनमध्ये नेताना वळणे घ्यावी लागतात, इंग्रजीत मात्र ते बहुतेक ठिकाणी शब्दाला शब्द ठेवून नेता येते, असे त्यांचे निरीक्षण होते. जेथे इंग्रजीत शब्दच नव्हता तेथे त्यांनी तो घडवला. लोकांची पापे डोक्यावर लादून रानात सोडलेल्या बकऱ्यासाठी त्यांनी स्केपगोट हा शब्द बनवला. आज इंग्रजी वर्तमानपत्रात तो बळीचा बकरा या अर्थाने रोज वापरला जातो, पण बनवणाऱ्याचे नाव कोणाला आठवत नाही.

१५३१ साली राजा आठवा हेन्री याच्या दूताने ॲन्टवर्पमध्ये त्यांची भेट घेतली आणि परत येण्याची गळ घातली. टिंडेल यांची अट एकच होती. राजाने लोकांना इंग्रजी बायबल वाचू द्यावे. ते कोणीही भाषांतरित केलेले असो, आपले नसले तरी चालेल. तेवढे झाले की आपण पुन्हा लेखणी हाती धरणार नाही आणि राजा देईल ती शिक्षा घेऊ. स्वतःचे नाव व्हावे असा हट्ट त्यात नव्हता. राजाने ती अट मानली नाही.

पुढे हेन्री फिलिप्स नावाच्या एका तरुण इंग्रजाने गोड बोलून त्यांचा विश्वास संपादला आणि २१ मे १५३५ रोजी त्यांना पकडून दिले. ब्रसेल्सजवळील विल्वूर्डच्या किल्ल्यात त्यांना सुमारे सोळा महिने ठेवले. त्याच वर्षी, जुलैमध्ये, तिकडे लंडनमध्ये थॉमस मोर यांचाही शिरच्छेद झाला, कारण राजाला धर्माचा प्रमुख मानायला त्यांचे मन तयार नव्हते. जन्मभर एकमेकांशी भांडलेले हे दोन विद्वान शेवटी आपापल्या श्रद्धेसाठीच गेले.

कोठडीतून टिंडेल यांनी लिहिलेले एक लॅटिन पत्र सुदैवाने टिकून आहे. हिवाळा आला होता. सर्दीने डोके दुखते म्हणून एक उबदार टोपी, एक जाड कोट, फाटक्या कपड्यांना ठिगळ लावायला थोडे कापड, संध्याकाळी अंधारात एकटे बसवत नाही म्हणून एक दिवा, असे ते मागतात. आणि या सगळ्यांहून अधिक आग्रहाने मागतात हिब्रू बायबल, हिब्रू व्याकरण आणि हिब्रू शब्दकोश, म्हणजे वेळ अभ्यासात घालवता येईल. मृत्यू समोर दिसत असताना व्याकरणाचे पुस्तक मागणारा विद्यार्थी आम्ही दुसरा ऐकला नाही.

ऑक्टोबर १५३६ मध्ये त्यांना खांबाला बांधून, गळा आवळून मारले आणि देह जाळला. इंग्लंडच्या राजाचे डोळे परमेश्वराने उघडावेत, अशी त्यांची शेवटची प्रार्थना होती, असे फॉक्स सांगतो. काम अपुरे राहिले होते. स्तोत्रे आणि बहुतेक संदेष्ट्यांची पुस्तके व्हायची होती. पण १५३७ साली त्यांचे मित्र जॉन रॉजर्स यांनी टिंडेल यांचे भाषांतर घेऊन, राहिलेला भाग मायल्स कव्हरडेल यांच्या भाषांतराने पुरा करून, टोपणनावाने बायबल छापले आणि त्याला त्याच राजाची परवानगी मिळाली. १५३८ साली प्रत्येक चर्चमध्ये इंग्रजी बायबल ठेवण्याचा हुकूम निघाला. १६११ च्या प्रसिद्ध राजमान्य आवृत्तीवर चाळीसहून अधिक विद्वान बसले, तरी तिच्या नव्या करारातले ८० टक्क्यांहून अधिक शब्द टिंडेल यांचेच आहेत, असे १९९८ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात आढळले.

ही गोष्ट आपल्यापासून फार दूरची वाटेल, पण तशी ती नाही. मराठी बायबल उघडून पाहा. एक्लेसियासाठी तेथे मंडळी हाच शब्द आहे आणि प्रेस्बुतेरोससाठी वडील. आपल्याकडेही मूळ भाषांपर्यंत जाणारी एक विदुषी होऊन गेली, पंडिता रमाबाई. संस्कृतच्या जाणकार असलेल्या रमाबाईंनी उतारवयात हिब्रू आणि ग्रीकचा अभ्यास करून, साध्या बायकांना कळेल अशा मराठीत संपूर्ण बायबल केडगावला बसून भाषांतरित केले. ५ एप्रिल १९२२ रोजी त्या गेल्या, तोवर त्या याच कामात होत्या.

धर्म कोणाचा कोणताही असो, आम्हाला येथे दिसते ती अभ्यासाची निष्ठा. येत्या सुटीत प्रत्येकाने एक छोटेसे काम करावे. कुंजीत वाचलेली एक तरी कविता किंवा एक उतारा शब्दकोश घेऊन मूळ भाषेत वाचावा. अडलेले शब्द वहीत लिहून आणावेत. शाळा उघडली की आम्ही त्या वह्या पाहू, आणि आमची वहीही तुम्हाला दाखवू.