पाच शिलिंगांची पैज

ज्याच्या पोटात खजिना पुरलेला नाही, असा किल्ला आपल्याकडे सापडणं कठीण. निदान पायथ्याच्या गावातली म्हातारी माणसं तरी तसं सांगतात. भुयार असतं, ते थेट पलीकडच्या गडावर निघतं, आत मोहरांचे सात रांजण असतात आणि त्यांवर वेटोळं घालून नाग बसलेला असतो. लहानपणी हे ऐकलेल्या माणसाला 'किंग सॉलोमन्स माइन्स' ही कादंबरी परकी वाटत नाही. मला तरी कधी वाटली नाही. फाटक्या सदऱ्याच्या तुकड्यावर रक्तानं काढलेला नकाशा, वाळवंट, दोन शिखरांमधली खिंड, पलीकडे जगाला ठाऊक नसलेलं राज्य आणि डोंगराच्या पोटात हिऱ्यांनी भरलेल्या पेट्या. पुस्तकाची पानं पिवळी पडली, तरी हा ऐवज अजून झळकतो.

भा. रा. भागवतांनी ज्यूल व्हर्न मराठीत आणला आणि आपल्या दोन-तीन पिढ्यांना साहसाची गोडी लावली. व्हर्नचं नाव त्यामुळे घराघरांत आहे. हरवलेल्या नगरांच्या आणि पुरलेल्या खजिन्यांच्या कथांना इंग्रजीत ज्यानं रूप दिलं, त्या हेन्री रायडर हॅगार्डचं नाव मात्र आपल्याकडे फारसं कुणी घेत नाही. मला त्याच्या पुस्तकांइतकंच त्याच्या आयुष्यानं खिळवून ठेवलं. खजिन्यांच्या गोष्टी सांगणाऱ्या या माणसानं एकदा खरोखरच खजिना शोधायला घर सोडलं, आणि त्या वाटेवर त्याला जे भोगावं लागलं, ते समजल्यापासून मी त्याची पुस्तकं वेगळ्या नजरेनं वाचतो.

हॅगार्डचा जन्म 22 जून 1856 रोजी इंग्लंडच्या नॉरफोक परगण्यातल्या ब्रॅडनहॅम इथला. दहा भावंडांतला हा आठवा. वडील बॅरिस्टर, जमीनदार आणि संतापी. आई एला डोव्हटन कविता लिहिणारी. तिचे वडील मुंबई इलाख्यात कंपनी सरकारच्या मुलकी सेवेत होते, तेव्हा या कथेचा एक धागा थेट आपल्या मुंबईपर्यंत येतो. घरातली एक दाई पोरांना दटावण्यासाठी कपाटातल्या अंधारात ठेवलेली एक भेसूर चिंध्यांची बाहुली दाखवायची. तिच्या आज्ञेबाहेर जायची कुणाची टाप नव्हती. त्या बाहुलीचं नाव पुढे हॅगार्डनं 'शी' या कादंबरीतल्या, दोन हजार वर्षं जगलेल्या आयेशा राणीला दिलं. लहान मुलाला घातलेली भीती वाया जात नाही, ती कुठे तरी उगवतेच.

हा मुलगा वडिलांच्या लेखी मठ्ठ होता. भाजीपाला विकण्यापलीकडे याच्या हातून काही व्हायचं नाही, असं त्यांचं मत होतं. थोरल्या भावांना खर्चिक शाळा मिळाल्या. याची बोळवण ऑक्सफर्डशायरमधल्या एका पाद्र्याकडे आणि मग इप्सविचच्या साध्या शाळेत झाली. पाद्र्याच्या शेजारी एक शेतकरी राहायचा, त्याचं आडनाव क्वाटरमेन. ते नाव पोरानं मनात जपून ठेवलं. लष्कराच्या प्रवेश परीक्षेत तो नापास झाला. परराष्ट्र खात्याच्या परीक्षेच्या तयारीसाठी लंडनला पाठवला, तिथे तो लिली जॅक्सन नावाच्या मुलीच्या प्रेमात पडला. वडिलांनी 1875 मध्ये त्याला आफ्रिकेत नाताळच्या गव्हर्नरच्या पदरी धाडून दिलं. पगार शून्य. वय एकोणीस.

घरात कुचकामी ठरलेला मुलगा परमुलखात माणूस झाला. पुढच्याच वर्षी तो थिओफिलस शेपस्टन या मुत्सद्द्याच्या पथकात गेला. 1877 मध्ये इंग्रजांनी ट्रान्सवालचं बोअर प्रजासत्ताक खालसा केलं, तेव्हा प्रिटोरियातला जाहीरनामा वाचताना अधिकाऱ्याचा आवाज बसला आणि उरलेला मजकूर या वीस वर्षांच्या पोरानं वाचून दाखवला. 1878 मध्ये तो तिथल्या उच्च न्यायालयाचा रजिस्ट्रार झाला. शेपस्टनच्या पथकात म्ह्लोपेकाझी नावाचा एक धिप्पाड स्वाझी योद्धा होता. त्याच्याकडून आणि इतर जाणत्यांकडून हॅगार्डनं झुलू राजांच्या कथा ऐकल्या. हाच योद्धा पुढे उम्स्लोपोगास या नावानं त्याच्या कादंबऱ्यांत परशू पेलत वावरतो.

आता घरी जावं आणि लिलीशी लग्न करावं, असं त्यानं ठरवलं. आधी नोकरीत नीट बस्तान बसव, असं वडिलांनी कळवून त्याला थांबवलं. तो थांबला, आणि 1879 मध्ये लिलीनं एका श्रीमंत बँकरशी लग्न केल्याची बातमी आली. पुढे 1880 मध्ये हॅगार्डनं लुइझा मार्जिटसनशी विवाह केला, तिच्यासह पुन्हा आफ्रिकेत जाऊन शहामृगांची शेती करून पाहिली. तिथेच 1881 मध्ये मुलगा झाला. त्याचं नाव आर्थर, घरात जॉक. पण मुलखात लढाई पेटलेली होती. 1882 मध्ये हे कुटुंब इंग्लंडला परतलं आणि लुइझाच्या डिचिंगहॅमच्या वाड्यात राहू लागलं. हॅगार्ड वकिलीचा अभ्यास करू लागला. आफ्रिकेच्या राजकारणावरचं त्याचं पहिलं पुस्तक त्यानं पदरचे पन्नास पौंड देऊन छापलं होतं. नंतरच्या दोन कादंबऱ्यांनीही हाताला फार काही लागू दिलं नाही.

अशा वेळी ती पैज लागली. स्टीव्हन्सनची 'ट्रेझर आयलंड' 1883 मध्ये पुस्तकरूपानं आली होती आणि जो तो तिचं कौतुक करत होता. हॅगार्ड नाक मुरडून म्हणाला, एवढं काय त्यात? भावानं त्याला डिवचलं: याच्या निम्म्यानं चांगलं लिहून दाखव, पाच शिलिंग माझे! 1885 च्या सुरुवातीला, दिवसभर कायद्याची पुस्तकं चाळून झाल्यावर हॅगार्ड संध्याकाळी उभ्यानंच लिहू लागला आणि सुमारे सहा आठवड्यांत कादंबरी हातावेगळी केली. नायकाला नाव दिलं त्या जुन्या शेजाऱ्याचं: ॲलन क्वाटरमेन.

काही प्रकाशकांनी हस्तलिखित परत केलं. कॅसल कंपनी छापायला तयार झाली. संपादकानं दोन पर्याय ठेवले: एकरकमी शंभर पौंड घेऊन हक्क सोडा, नाही तर पन्नास पौंड घ्या आणि प्रत्येक प्रतीमागे स्वामित्वधन. गरजवंत हॅगार्ड शंभर पौंडांवर राजी झालाच होता. तेवढ्यात संपादक कामासाठी बाहेर गेला आणि कोपऱ्यात बसलेल्या कारकुनानं हळूच सुचवलं की, आपण असतो तर दुसरा पर्याय घेतला असता. हॅगार्डनं ऐकलं. सप्टेंबर 1885 मध्ये पुस्तक आलं, लंडनच्या भिंती जाहिरातींनी भरल्या आणि वर्षभरात 31,000 प्रती खपल्या. त्या कारकुनाचं नाव इतिहासात नाही. माझ्या मते सॉलोमनच्या खाणीची किल्ली त्याच्याकडे होती.

हे पुस्तक एवढं का चाललं? हॅगार्ड कल्पनेला पुराव्याचा पोशाख चढवतो. पहिल्या आवृत्तीत घडी घातलेला नकाशाच जोडलेला होता. 'शी'साठी तर त्याच्या भावजयीनं प्राचीन वाटेल असं एक खापर करून दिलं, त्यावर ग्रीक अक्षरं कोरली. शिवाय त्याचा नायक मदनाचा पुतळा नाही. क्वाटरमेन ठेंगणा, पन्नाशी उलटलेला आणि स्वतःला भित्रा म्हणवणारा शिकारी आहे. त्याचा सोबती कॅप्टन गुड खोट्या दातांची कवळी आणि एका डोळ्याचा चष्मा सांभाळत साहस करतो. मुलांना हसायलाही मिळतं आणि धाकही वाटतो. चुका होत्याच. पहिल्या आवृत्तीत रात्री पौर्णिमेचा चंद्र दाखवून दुसऱ्या दिवशी सूर्यग्रहण लावलं होतं. सूर्यग्रहण अमावस्येलाच होतं, हे आपल्याकडे पंचांग चाळणारी आजीही सांगेल. पुढच्या आवृत्त्यांत त्याचं चंद्रग्रहण झालं.

त्यानंतर यशाची दारं धडाधड उघडली. 1887 मध्ये 'शी' आणि 'ॲलन क्वाटरमेन' ही दोन पुस्तकं आली. दुसरं त्यानं आपल्या जॉकला अर्पण केलं. या पुस्तकाची सुरुवात वाचताना आज अंगावर काटा येतो. क्वाटरमेन आपल्या एकुलत्या एका तरुण मुलाला मूठमाती देऊन आलेला आहे आणि त्या दुःखानं घरात राहवेना म्हणून तो पुन्हा आफ्रिकेची वाट धरतो. लेखकाचा स्वतःचा मुलगा हे लिहिताना शेजारच्या खोलीत खेळत असावा.

1891 मध्ये हॅगार्डला खऱ्या खजिन्यानं हाक मारली. मेक्सिकोत राहिलेल्या एका मित्रानं त्याला सांगितलं होतं की, शेवटचा आझ्टेक राजा ग्वातेमोक यानं स्पॅनिश आक्रमकांपासून लपवलेलं सोनं कुठं आहे, याचा माग लागला आहे. चौतीस वर्षांचा प्रसिद्ध लेखक पत्नीला घेऊन निघाला. नऊ वर्षांच्या जॉकला लंडनला स्नेह्यांच्या घरी ठेवलं. मेक्सिकोत पोहोचून फार दिवस झाले नव्हते, तोच निरोप आला: जॉक गोवरानं गेला. खजिन्याचा शोध तिथेच संपला. हॅगार्ड घरी आला तो खचून, आणि पुढे त्या घरात मुलाचं नाव उच्चारायची सोय राहिली नाही. धाकटी मुलगी लिलियास 1892 मध्ये जन्मली. मोठेपणी तिनं वडिलांचं चरित्र लिहिलं, त्यात या मौनाची हकिकत आहे. 'मॉन्टेझुमाज डॉटर' या 1893 च्या कादंबरीत नायकाची मुलं दगावतात. बोलता येत नव्हतं ते त्यानं तिथे लिहिलं.

हे कळल्यावर मी 'किंग सॉलोमन्स माइन्स'मधला खजिन्याचा प्रसंग पुन्हा वाचला. दगडी दार बंद झालेलं आहे, दिवा विझत आलेला आहे, भोवती अगणित हिरे आहेत आणि तिघांना हवा आहे फक्त घोटभर पाणी आणि बाहेरची वाट. ऐन सुटकेच्या क्षणी क्वाटरमेन जन्माच्या सवयीनं दोन मुठी हिरे खिशात कोंबतो, बाकी सगळं आतच राहतं. पैज जिंकायला लिहिलेल्या पुस्तकात हे शहाणपण होतं. लेखकाला मात्र त्याची किंमत सहा वर्षांनी मोजावी लागली.

या पुस्तकांची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. आफ्रिकेच्या पोटातली भव्य नगरं आणि खाणी बाहेरून आलेल्या प्राचीन लोकांनी घडवल्या, ही कल्पना हॅगार्डच्या कथांत वारंवार येते. ती त्याची एकट्याची नव्हती. ग्रेट झिम्बाब्वेचे अवशेष 1871 मध्ये कार्ल माउख या जर्मन प्रवाशानं पाहिले, तेव्हा त्यानंही त्यांचं नातं शेबाच्या राणीशी जोडलं. गोष्टीतली कल्पना गोष्टीत राहिली असती तर बिघडलं नसतं. पण 1895 मध्ये त्या मुलखातल्या प्राचीन अवशेषांतून सोनं उकरण्यासाठी चक्क एक कंपनी स्थापन झाली. दागिने वितळवले गेले, मातीचे थर उधळले गेले आणि इतिहासाचा पुरावा कायमचा नाहीसा झाला.

1905 मध्ये रँडल-मॅकायव्हर आणि 1929 मध्ये गर्ट्रूड केटन-थॉम्प्सन या पुरातत्त्वज्ञांनी शास्त्रीय उत्खनन करून दाखवून दिलं की, चुन्याशिवाय रचलेल्या, काही ठिकाणी 11 मीटर उंच असलेल्या त्या दगडी भिंती तिथल्याच आफ्रिकी लोकांनी मध्ययुगात बांधल्या होत्या. तिथे चिनी भांड्यांचे तुकडे मिळाले, भारताकडून समुद्रमार्गे गेलेले काचेचे मणीही मिळाले. ते नगर व्यापारानं गजबजलेलं होतं. तरी ऱ्होडेशियाच्या गोऱ्या सरकारला हे सत्य पुढे कित्येक वर्षं पचलं नाही. 1980 मध्ये देश स्वतंत्र झाला आणि त्यानं त्या दगडी नगराचंच नाव घेतलं. ते नगर हरवलेलं कधी नव्हतंच. शेजारी राहणाऱ्यांना ते पिढ्यान् पिढ्या ठाऊक होतं.

हॅगार्ड साम्राज्याचा अभिमानी होता, यात शंका नाही. तरीही झुलूंच्या शौर्याविषयी, त्यांच्या भाषेतल्या भारदस्तपणाविषयी त्याला मनापासून आदर होता. 1892 ची 'नाडा द लिली' ही त्याची कादंबरी जवळजवळ सगळी झुलू माणसांचीच आहे. तीत लांडग्यांबरोबर धावणारा उम्स्लोपोगास वाचून मुंबईत जन्मलेल्या रड्यार्ड किपलिंगला 'जंगल बुक'ची कल्पना सुचली, हे किपलिंगनंच त्याला कळवलं होतं. दोघांची मैत्री अखेरपर्यंत टिकली. एकाच खोलीत बसून दोघं लिहीत. 1915 मध्ये किपलिंगचा अठरा वर्षांचा मुलगा महायुद्धात नाहीसा झाला. त्यानंतर त्या खोलीत दोन मुलगे गमावलेले दोन बाप बसत.

लिलीचं काय झालं? तिच्या नवऱ्यानं पैशांची अफरातफर केली आणि तो आफ्रिकेत पळाला. हॅगार्डनं तिला राहायला घर दिलं, तिच्या मुलांच्या शिक्षणाची काळजी घेतली. ती नवऱ्यामागं गेली आणि त्याच्याकडून लागलेला असाध्य रोग घेऊन परतली. 1909 मध्ये ती गेली, तोवर हॅगार्डनं तिचा सांभाळ केला. कादंबरीत त्याला अमर राणी सापडली. आयुष्यात त्यानं आजारी बाईची सेवा करण्यात कमीपणा मानला नाही.

उत्तरायुष्यात तो शेतीत रमला. उजाड होत चाललेल्या खेड्यांची दशा पाहत त्यानं इंग्लंडचे परगणे पालथे घातले आणि 1902 मध्ये 'रूरल इंग्लंड' हा दोन खंडांचा ग्रंथ लिहिला. 1912 मध्ये त्याला सर हा किताब मिळाला, तो कादंबऱ्यांपेक्षा या सार्वजनिक कामासाठी. 14 मे 1925 रोजी लंडनमध्ये त्याचं निधन झालं आणि अस्थी डिचिंगहॅमच्या चर्चमध्ये विसावल्या.

ही पुस्तकं आजच्या मुलांना द्यावीत का, असं मला पालक विचारतात. त्यांत हत्तींची निर्दय शिकार आहे, वर्णाचा ताठा आहे. तरी मी द्या म्हणतो. फक्त त्यासोबत ग्रेट झिम्बाब्वेच्या भिंतींची गोष्टही सांगा. आणि मूल थोडं मोठं झालं, की मेक्सिकोहून रिकाम्या हातानं परतलेल्या त्या बापाचीही.