सुगरणीच्या खोप्याखाली

मुंबईत १२ नोव्हेंबर १८९६ रोजी जन्मलेल्या एका मुलाचे वडील तो वर्षाचा असताना गेले आणि तीन वर्षांचा असताना आईही गेली. भावंडांत हा सर्वांत धाकटा. मामा अमिरुद्दीन तय्यबजी आणि मामी हमीदा बेगम यांना मूलबाळ नव्हतं. त्यांनी या पोरक्या भावंडांना खेतवाडीतल्या आपल्या घरी वाढवलं. हा मुलगा पुढे पक्षितज्ज्ञ डॉ. सलीम अली म्हणून जगाला माहीत झाला. पक्ष्यांचे अभ्यासक म्हणून त्यांच्यावर पुष्कळ लिहिलं गेलं आहे. डॉक्टर म्हणून मला मात्र त्यांच्या आयुष्यात वेगळीच गोष्ट दिसते. आजारपण, बेकारी आणि वियोग हे तिन्ही त्यांच्या वाट्याला आले. अशा माणसाला निसर्गाने काय दिलं आणि काय दिलं नाही, हे आज पाहू या.

लहानपणी त्यांच्याकडे खेळण्यातली छर्‍यांची बंदूक होती. तिने मारलेल्या एका चिमणीच्या गळ्यावर पिवळा डाग दिसला. नेहमीच्या चिमणीला असा डाग नसतो. मामांनी त्याला बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीत पाठवलं. १८८३ साली स्थापन झालेल्या या संस्थेचं काम तेव्हा डब्ल्यू. एस. मिलार्ड पाहत. त्यांनी पक्षी ओळखून दिला, कपाटं उघडून पेंढा भरलेले पक्षी दाखवले आणि वाचायला पुस्तकंही दिली. परक्या पोरासाठी एका मोठ्या माणसाने थोडा वेळ काढला. त्यातून मुलाला जन्मभराचा विषय मिळाला.

तेराव्या वर्षाच्या सुमारास त्यांना वारंवार डोकेदुखी होऊ लागली. शाळा बुडू लागली. सिंधमधल्या कोरड्या हवेने बरं वाटेल म्हणून घरच्यांनी त्यांना तिथल्या नातेवाइकांकडे पाठवलं. ‘हवापालट’ हा त्या काळातला सर्रास उपाय होता. क्षयरोगावर औषधच नव्हतं, तेव्हा रुग्णाला पाचगणी किंवा मिरजेच्या मोकळ्या हवेत ठेवणं याला उपचाराचं स्थान होतं. सलीम मात्र अधूनमधून असा बाहेर राहून परत आला आणि १९१३ साली मॅट्रिक कसाबसा उत्तीर्ण झाला.

इतक्या वर्षांनंतर त्या डोकेदुखीचं निदान करण्यात अर्थ नाही. पौगंडावस्थेत वारंवार डोकं दुखण्याची सर्वसाधारण कारणं म्हणजे अर्धशिशी आणि मानेच्या, कपाळाच्या स्नायूंवरचा ताण. वेळेवर झोप, वेळेवर जेवण, पुरेसं पाणी आणि रोज थोडी हालचाल यांनी या दोन्हींत फरक पडतो. मुलांना मोकळ्या जागी सोडलं की यातल्या बऱ्याच गोष्टी आपोआप घडतात. पण डोकेदुखीमुळे मूल झोपेतून उठत असेल, सकाळी उलट्या होत असतील, दिसायला कमी येत असेल किंवा चालताना तोल जात असेल, तर हवापालटाची वाट न पाहता आधी डॉक्टरांना दाखवावं.

पुढे सलीम अली कॉलेज सोडून ब्रह्मदेशात गेले. तिथे घरच्यांचा लाकडाचा आणि टंगस्टनच्या खाणीचा व्यवसाय होता. भोवती दाट जंगल असल्याने त्यांचं मन व्यापारापेक्षा पाखरांतच जास्त रमलं. १९१७ साली परत आल्यावर त्यांनी एकीकडे दावर कॉलेजात वाणिज्याचा आणि दुसरीकडे सेंट झेवियर्समध्ये फादर ब्लॅटर यांच्या सांगण्यावरून प्राणिशास्त्राचा अभ्यास केला. १९१८च्या डिसेंबरात तेहमिना बेगम यांच्याशी त्यांचं लग्न झालं. रीतसर पदवी नसल्यामुळे भारतीय प्राणी सर्वेक्षण संस्थेत पक्षितज्ज्ञाची नोकरी मिळाली नाही. १९२६ साली मुंबईच्या प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियममध्ये, म्हणजे आजच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात, मार्गदर्शक व्याख्याता म्हणून जागा मिळाली. तिथून रजा घेऊन ते जर्मनीला गेले आणि बर्लिनमध्ये एर्विन श्ट्रेसेमान यांच्या हाताखाली शिकले. १९३० साली परतले तेव्हा पैशांअभावी संग्रहालयाने ते पदच रद्द केलं होतं.

वय चौतिशीकडे झुकलेलं, घरी पत्नी, जर्मनीत शिक्षण झालेलं आणि हातात नोकरी नाही. अशा अवस्थेतले पुरुष आम्हा डॉक्टरांकडे पाठदुखी, निद्रानाश किंवा वाढलेला रक्तदाब घेऊन येतात. नोकरी गेल्याचं ते शेवटी, दाराशी उठून गेल्यावर सांगतात. सलीम अली आणि तेहमिना मुंबईचा खर्च टाळण्यासाठी अलिबागजवळच्या किहीमला राहायला गेले. समुद्रकाठचं गाव, भोवती झाडी आणि घराजवळच सुगरण पक्ष्यांची वस्ती. त्या पावसाळ्यात त्यांनी या खोप्यांखाली तासन् तास घालवले.

आपण या पाखराला सुगरण म्हणतो, पण घरटं विणणारा असतो नर. गवताच्या पात्यांचे धागे काढून तो अर्धवट खोपा विणतो. माद्या येऊन तो पाहतात. एखादीने पसंत केला की तो खोपा पुरा करतो, खाली नळीसारखी वाट काढतो आणि मादी अंडी घालून बसली की शेजारी दुसऱ्या मादीसाठी नवा खोपा विणायला घेतो. एका विणीच्या हंगामात एकापाठोपाठ एक अशी त्याची अनेक बिऱ्हाडं होतात. हा क्रम सलीम अलींनी किहीमला उलगडला. १९३१ साली तो सोसायटीच्या नियतकालिकात प्रसिद्ध झाला आणि त्यांचं नाव झालं. बेकारीच्या दिवसांत हातून झालेलं हे काम त्यांच्या पुढच्या आयुष्याचा पाया ठरलं.

इथे वैद्यकशास्त्राला काय दिसतं? रेचल आणि स्टीफन कॅप्लन या अमेरिकी मानसशास्त्रज्ञ दांपत्याने लक्ष देण्याच्या दोन तऱ्हा सांगितल्या आहेत. हिशेब करताना, गाडी चालवताना किंवा मोबाइलवर एकामागून एक निरोप वाचताना आपण मनाला ओढून एका जागी ठेवतो. या ओढाताणीने मेंदू थकतो, चिडचिड वाढते आणि चुका होतात. झाडाची हलणारी फांदी, लाटा किंवा घरटं विणणारं पाखरू पाहताना लक्ष आपणहून गुंततं आणि त्यासाठी जोर लावावा लागत नाही. तेवढ्या वेळात थकलेल्या मनाला विसावा मिळतो. चिंता करायलाही लक्ष लागतं. ते काही काळ खोप्याकडे गेलं की चिंतेचं चक्र तेवढा वेळ थांबतं.

त्यानंतर संस्थानांनी पक्षी सर्वेक्षणं करवून घेतली. त्यांतलं एक हैदराबाद संस्थानाचं होतं, ज्यात तेव्हा आपला मराठवाडाही होता. या भटकंतीत तेहमिना बरोबर असत. १९३९ साली एका छोट्या शस्त्रक्रियेनंतर त्या गेल्या. सलीम अली तेव्हा त्रेचाळिशीच्या आसपास होते. त्यांना मूल नव्हतं. या धक्क्यातून त्यांना जंगलाने सावरलं, असं म्हणायचा मोह होतो, पण ते अर्धसत्य ठरेल. बहीण कमू आणि मेहुणे हसन यांनी त्यांना आपल्या घरी ठेवून घेतलं. जेवणाचं ताट वाढणारं आणि रात्री वाट पाहणारं माणूस असल्यामुळेच दिवसा रानात जाणं शक्य झालं. दुःखातल्या माणसाला आम्ही डॉक्टर ‘बाहेर फिरून या’ असं सहज सांगतो. त्याच्याबरोबर कोण जाणार, हेही विचारायला हवं. दोनच वर्षांनी, १९४१ साली, भारतीय पक्ष्यांवरचं त्यांचं प्रसिद्ध पुस्तक आलं. सामान्य माणसाला पक्षी ओळखायला या पुस्तकाने शिकवलं.

रानाची दुसरी बाजूही त्यांच्या आयुष्यात आली. १९५७ साली कर्नाटकातल्या शिमोगा जिल्ह्यात माकडं मरू लागली आणि जंगलात जाणारी माणसं तापाने फणफणली. पुण्याच्या विषाणू संशोधन केंद्राने हा नवा विषाणू असल्याचं दाखवलं. त्याला क्यासनूर जंगलाचं नाव मिळालं. आपल्याकडे सिंधुदुर्गातले लोक याच आजाराला माकडताप म्हणतात. तो गोचिडीच्या चावण्याने होतो. या विषाणूचं सैबेरियाकडच्या एका विषाणूशी साम्य असल्यामुळे स्थलांतर करणाऱ्या पक्ष्यांबरोबर गोचिडी येत असतील का, अशी शंका आली. मग जागतिक आरोग्य संघटनेच्या मदतीने बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीने पक्ष्यांच्या पायात कडी घालून त्यांच्या प्रवासाचा अभ्यास हाती घेतला. त्यामागे सलीम अली होते. म्हणजे निसर्गात जावं हे खरं, पण डोळे उघडे ठेवून. गवतातून फिरताना पूर्ण बाह्यांचे कपडे घालावेत, घरी आल्यावर अंग तपासावं, आणि रानातून आल्यानंतरच्या दिवसांत ताप आला तर कुठे गेलो होतो हे डॉक्टरांना आवर्जून सांगावं.

अमेरिकी पक्षितज्ज्ञ डिलन रिप्ली यांच्याबरोबर त्यांनी लिहिलेला भारत-पाकिस्तानच्या पक्ष्यांवरचा १० खंडांचा ग्रंथ १९६८ ते १९७४ या काळात आला. शेवटचा खंड निघाला तेव्हा ते सत्तरी कधीच ओलांडून गेले होते. १९७६ साली पद्मविभूषण मिळालं. गेटी पुरस्काराची मोठी रक्कम त्यांनी निसर्गरक्षणासाठी सोसायटीला देऊन टाकली. २० जून १९८७ रोजी, वयाच्या नव्वदाव्या वर्षी, प्रोस्टेट ग्रंथीच्या कर्करोगाने ते गेले. आयुष्यभर मोकळ्या हवेत राहिलेल्या माणसालाही कर्करोग होतो. झाडं पाहिल्याने गाठ विरघळत नाही, आणि मधुमेहाची गोळी सोडून बागेत जाणारा रुग्ण स्वतःचं नुकसान करून घेतो.

एका माणसाच्या आयुष्यावरून नियम काढता येत नाही, म्हणून थोडे अभ्यासही पाहू. १९८४ साली रॉजर उलरिच यांनी अमेरिकेतल्या एका रुग्णालयाच्या नोंदी तपासल्या. पित्ताशयाची शस्त्रक्रिया झालेल्या रुग्णांच्या त्यांनी २३ जोड्या लावल्या. प्रत्येक जोडीतल्या एकाच्या खिडकीतून झाडं दिसत, दुसऱ्याच्या खिडकीतून विटांची भिंत. झाडं दिसणारे रुग्ण लवकर घरी गेले आणि त्यांना तीव्र वेदनाशामक औषधं कमी लागली. २०१९ साली इंग्लंडमधल्या सुमारे २० हजार लोकांच्या पाहणीत असं दिसलं, की आठवड्याला एकूण १२० मिनिटं किंवा अधिक वेळ निसर्गात घालवणारे लोक आपली तब्येत आणि मनःस्थिती चांगली असल्याचं जास्त प्रमाणात सांगतात. हे दोन तास एकदम काढले काय किंवा तुकड्यातुकड्यांत काढले काय, फरक नव्हता. २०२२ साली लंडनच्या किंग्ज कॉलेजच्या संशोधकांनी मोबाइल ॲपवरून लोकांच्या मनःस्थितीच्या नोंदी घेतल्या. पक्षी दिसल्याने किंवा ऐकू आल्याने वाटणारं बरं काही तास टिकतं आणि नैराश्य असलेल्यांतही ते दिसतं, असं आढळलं. या पाहण्यांना मर्यादा आहेत. धडधाकट माणसंच जास्त बाहेर पडतात, हेही एक कारण असू शकतं. तरी हा उपाय फुकट आहे आणि त्याचे दुष्परिणाम नगण्य आहेत.

फुकट असला तरी तो सर्वांना सारखा मिळत नाही. विरार-नालासोपाऱ्याहून पहाटेची लोकल पकडणारा माणूस रात्री घरी पोहोचतो. सरकारी दवाखान्यात तो थकव्यावर टॉनिक मागतो. त्याला महाबळेश्वर सुचवणं ही थट्टा होईल. त्याच्यासाठी राजोडी आहे. सलीम अलींना किहीमने जे दिलं ते मुंबईच्या दक्षिणेला. मुंबईच्या उत्तरेला, त्याच अरबी समुद्राच्या काठी, आपल्या राजोडीला मोकळी वाळू आणि सुरूची झाडं आहेत. हिवाळ्यात कुरव येतात, ओहोटीच्या ओल्या वाळूवर चिखल्या आणि तुतवार धावताना दिसतात. वसईच्या वाड्यांमध्ये अजून केळी आहेत, विहिरी आहेत.

रविवारी सकाळी उन्हं चढण्याआधी तासभर आणि आठवड्यात तीनदा घराजवळच्या एखाद्या झाडाखाली वीस मिनिटं, एवढं केलं तरी दोन तास भरतात. मोबाइल खिशात ठेवावा. एकच झाड किंवा एकच पाखरू निवडून आठवड्यामागून आठवडे पाहत राहावं. सलीम अलींच्या आयुष्यातून घ्यायची मुख्य गोष्ट मला हीच वाटते. त्यांना लाभ झाला तो पुन्हा पुन्हा त्याच ठिकाणी जाऊन बारकाईने पाहण्याचा. लहान मुलांना बरोबर न्यावं आणि त्यांच्या प्रश्नांना मिलार्डसारखा वेळ द्यावा. घरात आजी-आजोबांचे गुडघे दुखत असतील तर त्यांची खुर्ची झाड दिसेल अशा खिडकीपाशी सरकवावी. भरतीच्या वेळी पाण्यात उतरू नये. नेहमीची औषधं चालू ठेवावीत.

आणि जिथे सुरू तुटतोय किंवा पाणथळ जागेवर भराव पडतोय, तिथे ग्रामसभेत किंवा महापालिकेत आवाज उठवावा. ती जागा आपल्या गावच्या सार्वजनिक आरोग्याची आहे. आमच्या औषधाच्या चिठ्ठीवर जे लिहिता येत नाही, ते या जागांमधून मिळतं.