फ्लेमिंग यांचा इशारा

मी वाणिज्य शाखेचा विद्यार्थी. तरीही अलेक्झांडर फ्लेमिंग मला जवळचे वाटतात. कारण डॉक्टर होण्यापूर्वी ते लंडनच्या एका जहाज कंपनीत कारकून होते.

त्यांचा जन्म ६ ऑगस्ट १८८१ रोजी स्कॉटलंडमधील शेतकरी कुटुंबात झाला. चुलत्यांच्या वारशाचे पैसे मिळताच कारकुनी सोडून ते वैद्यकाकडे वळले. पहिल्या महायुद्धात, फ्रान्समधील इस्पितळात, जखमा चिघळून मरणारे सैनिक त्यांनी पाहिले. वरून लावलेली जंतुनाशके खोल जखमेतील जंतूंपर्यंत पोचतच नव्हती. सप्टेंबर १९२८ मध्ये एका काचेच्या बशीत बुरशीभोवतीचे जंतू विरघळलेले त्यांना दिसले. हाच पेनिसिलिनचा शोध! फ्लोरी व चेन यांनी ऑक्सफर्डला त्याचे औषध सिद्ध केले. १९४५ चे नोबेल पारितोषिक तिघांना मिळाले.

नोबेलच्या व्याख्यानातच फ्लेमिंग यांनी बजावले, की अपुऱ्या मात्रेने जंतू मरत नाहीत, उलट निर्ढावतात आणि दुसऱ्यांना जडतात. लवकरच रुग्णालयांत पेनिसिलिनला दाद न देणारे स्टॅफिलोकोकस जंतू पसरले. ११ मार्च १९५५ रोजी फ्लेमिंग निवर्तले. १९६० च्या सुमारास मेथिसिलिन आले. त्यालाही न जुमानणारे जंतू इंग्लंडमध्ये आढळल्याचे १९६१ मध्ये जाहीर झाले.

आमच्या वाणिज्याच्या भाषेत, औषधाचा गुण ही सर्वांची सामाईक ठेव आहे. साध्या पडशाला मनानेच अशा गोळ्या घेणारा त्या ठेवीचे मुद्दलच खातो. त्याचा भुर्दंड मात्र इस्पितळातल्या एखाद्या अनोळखी रोग्याला पडतो.