तबकडीवरील नावे : मिल्ट गेब्लर (१९११–२००१)

हस्तलिखितांच्या अभ्यासकाला पुष्पिकेचे महत्त्व वेगळे सांगावे लागत नाही. पोथीच्या अखेरीस लेखनिकाने आपले नाव, गाव व शक नोंदवून ठेवला असला, की संहितेच्या इतिहासाला पाय ठेवण्यास जागा मिळते. ती नोंद नसली, की अनुमानांचे रान माजते. जॅझ संगीताच्या ध्वनिमुद्रिकांना अशी पुष्पिका मिळवून देणाऱ्यांत ज्याचे नाव अग्रक्रमाने घ्यावे लागेल, तो मिल्ट गेब्लर हा न्यूयॉर्कमधील एका दुकानदाराचा मुलगा होता.

त्याचा जन्म २० मे १९११ रोजी हार्लेममध्ये झाला. वडील ज्यूलियस हे ऑस्ट्रियातून आलेले ज्यू. पूर्व ४२व्या रस्त्यावर त्यांचे रेडिओचे दुकान होते; जवळच्या कमोडोर हॉटेलवरून त्याला कमोडोर हे नाव पडले. शालेय वयापासूनच मिल्ट तेथे काम करू लागला. दारावर लावलेल्या कर्ण्यातून संगीत रस्त्यावर ऐकू जाई आणि गिऱ्हाइके आत येऊन तबकड्या मागत. मुलाने वडिलांकडे आग्रह धरला, तबकड्या आल्या, आणि काही वर्षांत रेडिओचे दुकान मागे पडून कमोडोर म्युझिक शॉप उभे राहिले.

१९२९नंतरच्या मंदीत ध्वनिमुद्रण कंपन्यांनी जॅझच्या जुन्या तबकड्या आपल्या सूचींतून काढून टाकल्या. साचे मात्र कोठारांत पडून होते. गेब्लरने कंपन्यांना रीतसर पैसे मोजून त्याच साच्यांवरून नव्या प्रती काढून घेतल्या. १९३५मध्ये मार्शल स्टर्न्स, जॉन हॅमंड प्रभृतींबरोबर युनायटेड हॉट क्लब्ज ऑफ अमेरिका ही संघटना स्थापन झाली व तिच्या नावाने ही पुनःप्रकाशने टपालानेही जाऊ लागली. तबकडीच्या मध्यावरील कागदी चकतीवर प्रत्येक वादकाचे नाव व वाद्य छापण्याची प्रथा त्याने येथे सुरू केली.

ही गोष्ट दिसते तितकी किरकोळ नव्हे. १९२०नंतरच्या दशकातील तबकड्यांवर सामान्यतः वाद्यवृंदाचे नाव असे, आणि तेही पुष्कळदा टोपणनाव असे. एकच वृंद निरनिराळ्या कंपन्यांसाठी निरनिराळ्या नावांनी वाजवी. कोणत्या तबकडीत कॉर्नेट कोणाचे व क्लॅरिनेट कोणाचे, हे वादकांना विचारून, संग्राहकांशी वाद घालून आणि पुन्हा पुन्हा ऐकून ठरवावे लागे. हे पाठचिकित्सेचेच काम होते. पॅरिसमध्ये शार्ल देलोने याने १९३६मध्ये जॅझ ध्वनिमुद्रिकांची सूची प्रसिद्ध केली, ती याच वृत्तीतून. आपल्याकडे गौहरजानने तबकडीच्या शेवटी आपले नाव उच्चारून ठेवले, ते सर्वज्ञात आहे. पण तिच्या मागे सारंगी व तबला वाजविणारे बहुतांशी निनावीच राहिले. अर्थात नाव छापले म्हणजे मोबदला मिळाला असे नव्हे. जुन्या वादकांना बहुधा एकदाच ठरावीक रक्कम मिळालेली असे, आणि पुनःप्रकाशनाने त्या व्यवहारात फारसा फरक पडला नाही.

१७ जानेवारी १९३८ रोजी गेब्लरने स्वतःच्या कमोडोर मुद्रेसाठी पहिले ध्वनिमुद्रण केले. आदल्याच रात्री कार्नेगी सभागृहात बेनी गुडमनची प्रसिद्ध मैफल झाली होती, आणि तीत वाजविलेले जेस स्टेसी व बॉबी हॅकेट दुसऱ्या दिवशी एडी कॉन्डनच्या मेळात हजर होते.

पुढील वर्षी बिली हॉलिडे त्याच्याकडे आली. ब्रॉन्क्समधील शाळाशिक्षक एबल मिरोपोल याने कृष्णवर्णीयांच्या जमावहत्येवर लिहिलेले ‘स्ट्रेंज फ्रूट’ हे गीत ती कॅफे सोसायटीत गात असे; परंतु तिची करारबद्ध कंपनी कोलंबिया ते ध्वनिमुद्रित करण्यास तयार नव्हती. अन्यत्र गाण्याची परवानगी मात्र तिने दिली. २० एप्रिल १९३९ रोजी हे मुद्रण झाले. गीत आखूड भरते म्हणून गेब्लरने पियानोवादक सनी व्हाइटकडून दीर्घ आरंभ वाजवून घेतला. हॉलिडेचा स्वर सुमारे सत्तर सेकंदांनी येतो. व्यावहारिक गरजेतून निघालेली ही युक्ती त्या कृतीच्या अर्थाचाच भाग होऊन बसली आहे. तबकडीच्या दुसऱ्या बाजूस ‘फाइन अँड मेलो’ होते, आणि नाणे टाकून वाजवायच्या यंत्रांत लोक जास्त ऐकत ते हेच.

१९४१मध्ये तो डेका कंपनीत नोकरीस गेला. दुकान पुढे मेहुणा जॅक क्रिस्टल सांभाळू लागला. डेकामध्ये लुई जॉर्डनच्या तबकड्या, १९४४मध्ये तंतुवाद्यांच्या साथीने हॉलिडेचे ‘लव्हर मॅन’, आणि १२ एप्रिल १९५४ रोजी बिल हेलीचे ‘रॉक अराउंड द क्लॉक’ त्याच्याच देखरेखीखाली झाले. जॅझच्या निष्ठावंतांना हे शेवटचे नाव खटकते. परंतु जॉर्डनचा उसळता ठेका हेलीपर्यंत पोचविणारा माणूस एकच होता, हे ध्यानात घेतले तर त्यात विसंगती उरत नाही. त्याच्या रुचीची मर्यादा दुसरीकडे आहे. बीबॉपला कमोडोरमध्ये जवळजवळ स्थान मिळाले नाही. जे त्याला आवडले तेच त्याने जपले, आणि जे जपले गेले तेच पुढे अभिजात ठरले. संचयनकाराच्या अंगी असलेली ही सत्ता साहित्याच्या अभ्यासकाला अपरिचित नाही.

दुकान १९५८मध्ये बंद झाले. १९८८ ते १९९० या काळात मोझेइक या पुनःप्रकाशन संस्थेने कमोडोरची सर्व जॅझ ध्वनिमुद्रणे तीन संचांत, एकूण ६६ तबकड्यांवर काढली. त्यांत तारखा, वादकांची नावे आणि पूर्वी न निघालेले पर्यायी पाठही होते. १९९३मध्ये रॉक अँड रोल हॉल ऑफ फेममध्ये त्याचा समावेश झाला, तेव्हा त्याचा परिचय भाचा व विनोदी नट बिली क्रिस्टल याने करून दिला. २० जुलै २००१ रोजी, वयाच्या नव्वदाव्या वर्षी, न्यूयॉर्कमध्येच गेब्लरचे निधन झाले.