‘अखेरच्या पाच मिनिटां’चा जनक
फ्रान्समध्ये दूरचित्रवाणीची एकच वाहिनी होती, त्या काळात क्लोद लुर्से यांनी गुन्हेगारी कथा घरोघरी पोहोचवली. १ जानेवारी १९५८ रोजी त्यांची ‘अखेरची पाच मिनिटे’ ही मालिका सुरू झाली. खून, चौकशी आणि मग ऐन रंगात थांबलेली कथा; स्टुडिओत बोलावलेल्या दोघा प्रेक्षकांनी खुनी ओळखायचा. प्रक्षेपण थेट असल्याने एखादा दुवा निसटला, तर सावरायला वाव नसे. कालांतराने हा खेळ मागे पडला. लोकांना मोह पडला तो बूरेल या पोलीस अधिकाऱ्याचा. ती भूमिका करणारे, मूळचे व्यंगगीतगायक रेमों सुप्लेक्स १९७२ मध्ये निवर्तले, तेव्हा मालिका संपल्यातच जमा होती. परंतु १९७५ मध्ये काब्रोल हा नवा अधिकारी पडद्यावर आला. लुर्से यांचे १९८८ मध्ये निधन झाले. मालिका मात्र १९९६ पर्यंत चालली.